उत्तरेच्या खिडकीतला सूर्य

आउरिंको-फिल्मी कंपनीचे मालक तेप्पो सार्पारांता यांचं सिनेमाकलेविषयी एकच मत होतं, आणि पंचवीस वर्षांत त्यांनी ते एकदाही बदललं नाही. पडद्यावर सगळं दिसलं पाहिजे. "लोक तिकीट काढून काय अंधार बघायला येतात?" ते विचारायचे. "अंधार त्यांना घरी फुकट मिळतो. ऑक्टोबरपासून मार्चपर्यंत."

सार्पारांता सिनेमात आले ते मार्गारीनच्या कारखान्यातून. सरकारने त्यांना 'व्यापार-सल्लागार' अशी पदवी दिली होती. त्यांनी कोणाला, कसल्या व्यापाराबद्दल, काय सल्ला दिला हे कोणालाच ठाऊक नव्हतं. पण पदवीचं शुल्क वेळेवर भरलेलं होतं. त्यामुळे स्टुडिओत झाडूवाल्यापासून नायकापर्यंत सगळे त्यांना सल्लागारसाहेब म्हणत.

अशा जाणकार माणसाकडे १९५१ साली कालेर्वो हुत्तुला कॅमेरामन म्हणून लागला. वय एकोणतीस, उंच, जरा पोक काढून चालणारा, बोलायला अगदी कमी. अर्थात हेलसिंकीत ही गोष्ट कोणाच्या लक्षात येण्यासारखी नव्हती. युद्धात तो लष्कराच्या चित्रपथकात होता. दोन वर्षं त्याने मुख्यतः दलदलीचं चित्रण केलं. तिथे एका तंबूत कंदिलाजवळ बसलेल्या एका सार्जंटचा चेहरा त्याने पाहिला होता. अर्धा उजेडात, अर्धा काळोखात. सार्जंट काहीच बोलत नव्हता, पण त्याच्या मनात काय चाललंय ते काळोखातल्या बाजूवर स्पष्ट दिसत होतं. तेव्हा कालेर्वोकडे फिल्म उरली नव्हती. एकदा तरी असा चेहरा पडद्यावर आणायचा, एवढं त्याने मनाशी ठरवलं आणि युद्ध संपल्यावर घरी आला.

स्टुडिओतल्या पहिल्याच दिवशी त्याने तसा प्रयत्न केला. नायिकेच्या एका बाजूला दिवा लावला, दुसरी बाजू तशीच सोडली. सल्लागारसाहेब कॉफीचा कप घेऊन मागे उभे होते.

"हुत्तुला, ही दुसऱ्या बाजूची नायिका रजेवर आहे का?"

"नाही साहेब. सावली आहे."

"पगार मी दोन्ही गालांचा देतो. दोन्ही दाखव."

कालेर्वोने दुसरा दिवा लावला. पुढची सतरा वर्षं आणि एक्केचाळीस सिनेमे तो दुसरा दिवा लावत राहिला.

त्या एक्केचाळीस सिनेमांत एक नदी असे, नदीवर वाहत चाललेले ओंडके असत, ओंडक्यावर पाय रोवून उभा राहिलेला एक गडी असे, एक सौना, म्हणजे वाफेचं न्हाणीघर, असे आणि काठावरच्या शेतकऱ्याची एकोणीस वर्षांची मुलगी असे. नद्या बदलत. गडी लग्न करून, दारू पिऊन किंवा स्वीडनला जाऊन बदलत. मुलगी तेवढी कायम होती. तिचं नाव सिल्वी केरानेन, आणि ती एकोणीस वर्षांची झाली तेव्हा कालेर्वो शाळेत पाढे म्हणत होता.

सिल्वी तांपेरेच्या सूतगिरणीतल्या कामगाराची मुलगी. तिला स्वतःबद्दल कसलाही भ्रम नव्हता. पहिल्या सिनेमाच्या वेळी तिने कालेर्वोला बाजूला घेतलं आणि पर्समधून एक काळा रेशमी पायमोजा काढून त्याच्या हातावर ठेवला.

"हा भिंगावर ताणून बसव. जर्मन कॅमेरामन लावायचे, मी पाहिलंय. एक्केचाळीस वर्षांची आहे मी. हे तुला सांगते, कारण तुला तसंही दिसणार. बाकी कोणाला दिसता कामा नये."

"बाई, पण तुमचा चेहरा चांगला आहे."

"चांगला आहे म्हणून काय झालं? ज्या दिवशी सुरकुती दिसेल त्या दिवशी मी नायकाची आई होईन. नायकाच्या आईला दोन दिवसांचं काम असतं, कालेर्वो. भाकरी वाढायची आणि मरायचं."

तेव्हापासून प्रत्येक शॉटआधी ती कॅमेऱ्याकडे न बघता हळूच विचारायची, "लावलास?" आणि तो म्हणायचा, "लावला." दोघांमधलं बहुतेक संभाषण एवढंच. देशातली बरीच लग्नं याहून कमी बोलण्यावर टिकलेली आहेत.

एकदा इर्याने त्याच्या कोटाचे खिसे रिकामे करायला घेतले. इर्या ही त्याची बायको. तीन नंबरच्या ट्रामवर कंडक्टर होती आणि बिनतिकीट माणूस तिला पाठीकडूनही ओळखू येई. खिशातून मोजा निघाला. एकच.

"हा कोणाचा?"

"सिल्वी केरानेनचा."

"आणि इथे काय करतोय?"

"भिंगावर लावतो. चेहरा मऊ दिसतो."

इर्याने मोजा दोन हातांत ताणला, त्यातून आधी समोरची इमारत पाहिली, मग नवऱ्याला पाहिलं.

"खरंच की. तूसुद्धा बरा दिसतोस." तिने मोजा घडी करून परत दिला. "तू खोटं बोलत नाहीयेस हे कळलं मला. खोटं बोलणारा माणूस इतकं वाईट बोलणार नाही. पण पुढच्या वेळी तिला म्हणावं, दोन दे. जोडी झाली तर मी घालीन. माझ्याकडे लोकरीचेच आहेत."

१९५६ साली मोजे दोन झाले. १९६२ मध्ये तीन, आणि कडेला व्हॅसलीनचा हात. तोपर्यंत सिल्वीचा चेहरा म्हणजे पहाटेच्या धुक्यातून दिसणारं पलीकडच्या काठावरचं होडीघर झाला होता: तिथे काहीतरी आहे आणि ते सुंदर असावं, एवढंच कळायचं. एका वर्तमानपत्राने लिहिलं की कुमारी केरानेन यांचं तारुण्य वर्षागणिक अधिकच तरल होत चाललं आहे. कालेर्वोने ते कात्रण इर्याला वाचून दाखवलं. इर्या म्हणाली, "मोज्याचं नाव नाही छापलं?"

कालेर्वोचं चांगलं चाललं होतं, असं सगळे म्हणत. दोन खोल्यांचं घर होतं, उन्हाळ्यात भाड्याचं कॉटेज होतं. जेवणात ताक, राय धान्याची काळी भाकरी, बटाटे, हेरिंग मासे. सिनेमा संपला की तो स्वतः कधी बघायला जात नसे. स्वयंपाक्याने आपल्याच हातचं किती दिवस खायचं, असं तो म्हणे. पण खरं कारण वेगळं होतं. अंधाऱ्या सभागृहात बसून त्या लख्ख, पिठासारख्या पांढऱ्या, दोन्ही गालांच्या चित्राकडे बघताना त्याला लाज वाटायची.

मग घरोघरी टेलिव्हिजन आला आणि लोकांना कळलं की ओंडके घरबसल्याही बघता येतात. आउरिंको-फिल्मीची सभागृहं रिकामी पडू लागली. सल्लागारसाहेबांनी आणखी दिवे लावून पाहिले. उपयोग झाला नाही. १९६८ च्या जानेवारीत त्यांनी कालेर्वोला खोलीत बोलावलं. त्यांचा चेहरा आजारी माणसासारखा झाला होता.

"हुत्तुला, सरकार आता गंभीर सिनेमांना बक्षीस देतंय. रोख. मागच्या वर्षी ज्याला मिळालं तो सिनेमा मी पाहिला. दीड तास एक माणूस भिंतीकडे बघतो. भिंतही नीट दिसत नाही."

"हो साहेब."

"म्हणजे सरकार अंधाराला पैसे देतं. मी इतकी वर्षं विजेचं बिल भरत बसलो." त्यांनी कपाळ चोळलं. "मी एक पोरगा आणलाय. पॅरिसहून."

पोरगा म्हणजे हार्री तुओमेनोक्सा. वय सत्तावीस, हनुवटीपर्यंत स्वेटर, पॅरिसमध्ये एकूण चौदा महिने. तिथून त्याने वाक्य अर्ध्यावर सोडायची सवय आणली होती. समोरच्याला वाटे, उरलेलं वाक्य फार खोल असणार. त्याच्या सिनेमात एक म्हातारी विधवा होती, काईनूच्या जंगलात एकटी राहणारी, मुलगा स्वीडनच्या कारखान्यात गेलेला. ती वाट बघते. मुलगा येत नाही. संपलं. सिनेमाला नाव नव्हतं, कारण नाव दिलं की अर्थ मरतो. सल्लागारसाहेबांनी पोस्टर छापण्यापुरतं 'विधवा' असं ठरवून टाकलं.

"दिवे नकोत," हार्री कालेर्वोला म्हणाला. "मेकअप नको. भिंगावर काही नको. उजेड पाडणं म्हणजे खोटं बोलणं. वास्तव जसं आहे तसं, आणि मग..."

कालेर्वोने "मग काय?" असं विचारलं नाही. सेहेचाळीस वर्षांचा झाला होता तो, आणि आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी त्याला दुसरा दिवा लावू नको म्हणत होतं.

विधवेचं काम सिल्वीला दिलं होतं. कंपनीचा तिच्याशी आणखी एका सिनेमाचा करार होता आणि एकोणीस वर्षांच्या मुलीची मागणी आता संपली होती. करार वाचून ती एवढंच म्हणाली, "निदान मरायचं तरी नाहीये यात."

फेब्रुवारीत मंडळी काईनूला पोचली. उणे अठ्ठावीस. लाकडी ओंडक्यांचं जुनं घर, आत एक मोठी चूल, एक टेबल, आणि एकच खिडकी, तीही उत्तरेला. पहिल्या आठवड्यात हार्रीच्या म्हणण्याप्रमाणे एकही दिवा न लावता चित्रण झालं. कालेर्वोने त्याला दोनदा सांगितलं की या फिल्मला एवढ्या उजेडात काही दिसत नाही, तिचे डोळे माणसाच्या डोळ्यांपेक्षा अधू असतात. हार्री म्हणाला, "तुमच्या पिढीला दिसण्याचीच भीती वाटते." हे वाक्य मात्र त्याने पूर्ण केलं.

रिळं धुवायला हेलसिंकीला गेली. चौथ्या दिवशी गावातल्या दुकानात सल्लागारसाहेबांचा फोन आला. कालेर्वो आणि हार्री दोघेही कानाला कान लावून उभे राहिले.

"अकरा मिनिटं मी पडद्याकडे बघत बसलो," सल्लागारसाहेबांचा आवाज थरथरत होता. "मला वाटलं माझी नजर गेली. डॉक्टरकडे जाऊन आलो. नजर ठीक आहे. हुत्तुला, ऐकतोयस ना? काहीतरी दिसू दे. काय दिसतंय त्याच्याशी मला कर्तव्य नाही. पण सरकारी समितीला डोळे आहेत रे!"

हार्रीने फोन ठेवला. "अप्रतिम," तो म्हणाला. "म्हातारा हादरलाय." आणि चुलीजवळ जाऊन बसला. पॅरिसचा कोट पातळ असल्यामुळे तो घराबाहेर सहसा पडत नसे.

हीच गोष्ट कालेर्वोच्या पथ्यावर पडली. त्याने नुउत्तीला गाठलं. नुउत्ती पेल्लानेन हा त्याचा दिवेवाला, साठीचा, सतरा वर्षं बरोबर काम केलेला.

"नुउत्ती, जनरेटरची गाडी धान्याच्या कोठारामागे लाव. खिडकीबाहेर पाच हजार वॅटचा एक दिवा, आणि मध्ये एक चादर ताणून बांध. स्वेटरवाल्याला कळता कामा नये."

"आणि आवाज?"

"लाकडाची गिरणी आहे म्हणून सांगू."

"आणि उजेड?"

"सूर्य आहे म्हणून सांगू."

नुउत्तीने खिडकीकडे पाहिलं, आभाळाकडे पाहिलं. "उत्तरेकडून?"

"तो पॅरिसला होता चौदा महिने. विसरला असेल."

दुसऱ्या दिवशी सकाळी दहा वाजता उत्तरेच्या खिडकीतून सूर्य उगवला. मऊ, थंड, दुधासारखा उजेड टेबलावर पडला, निम्मी खोली उजळली आणि निम्मी काळोखात राहिली. हार्री उठून उभाच राहिला.

"बघा! हे बघा! हा उजेड तुम्ही दिव्याने आणू शकला असता?"

"अवघड होतं," कालेर्वो म्हणाला.

सूर्य मोठा शिस्तीचा होता. साडेअकराला तो एकदम मावळायचा आणि बारा वाजता पुन्हा उगवायचा, कारण नुउत्तीला जेवायला लागे. मधेच कधी दहा मिनिटं जायचा. बाहेर बर्फात उभं राहून नुउत्तीचे पाय बधिर झाले की तो गाडीत जाऊन कॉफी पिऊन येई. "ढग आला," हार्री खिडकीकडे बघून हताशपणे म्हणे. "निसर्गावर कोणाचा अधिकार..." आणि वही काढून निसर्गाविषयी टिपणं करत बसे. ती टिपणं पुढे एका मासिकात 'अस्सल उजेड' या नावाने छापून आली आणि विद्यापीठात बरीच वर्षं वाचली गेली.

मुख्य प्रसंग राहिला होता. टपालवाला निरोप सांगून गेलाय की मुलगा यंदाही येणार नाही. विधवेने दोन ताटं मांडलेली आहेत. ती बसते आणि उकडलेले बटाटे सोलत राहते. चार मिनिटं. बोलणं नाही.

त्या दिवशी दुपारी सिल्वीने कालेर्वोला सौनाच्या ओसरीत बोलावलं. मेकअप नसल्यामुळे तिने डोक्यावरची शाल गालांपर्यंत ओढली होती. कोटाच्या खिशातून तिने कागदाची पुडी काढली. आत नवा मोजा होता, किमतीची चिठ्ठीसुद्धा तशीच.

"एकच लाव. तीन नको, तेवढी मी मूर्ख नाही. म्हातारी दिसायचंय हे मला मान्य आहे. पण मला थोडी, म्हणजे अगदी थोडी, झाक, कालेर्वो."

"तो नको म्हणालाय, बाई."

"त्याला कशाला सांगायचं? सूर्याबद्दल सांगितलंस का त्याला?" ती हसली. तिला सगळं ठाऊक होतं. तांपेरेच्या माणसाला गिरणीचा आवाज आणि जनरेटरचा आवाज यांतला फरक कळतो. "सतरा वर्षं तुझ्यावर डोळे मिटून भरवसा टाकला मी. आज शेवटचा."

कालेर्वोने पुडी घेतली आणि खिशात घातली.

तो कॅमेऱ्यामागे गेला तेव्हा खिडकीतून उजेड येत होता. सिल्वी टेबलाशी बसली होती. तिचा डावा गाल खिडकीकडे, उजवा चुलीच्या बाजूच्या काळोखात. इतकी वर्षं ज्याच्यावर त्याने मोजे, व्हॅसलीन आणि हजारो वॅट ओतले तो चेहरा त्याने उघड्या भिंगातून पाहिला. डोळ्यांखाली बारीक जाळं होतं. ओठांच्या कडा खाली ओढल्या होत्या, त्यांत हट्टही होता आणि थकवाही. कपाळावर एक उभी रेघ होती; ती कधी पडली त्याला माहीत नव्हतं, आणि तो दररोज तिथेच उभा होता. तिच्या मनात काय चाललंय ते काळोखातल्या बाजूवर दिसत होतं.

त्याचा हात खिशात गेला. पुडीचा कागद करकरला.

"लावलास?" सिल्वीने कॅमेऱ्याकडे न बघता विचारलं.

कालेर्वोचा हात रिकामाच बाहेर आला.

"लावला," तो म्हणाला.

सिल्वीने सुस्कारा सोडला, खांदे सैल केले, शाल मागे टाकली. आपण झाकलेले आहोत या खात्रीने माणूस जितकं उघडं बसेल, तितकी ती बसली. तिने बटाटा उचलला. चार मिनिटांत तिने सहा बटाटे सोलले. चार मुलाच्या ताटात ठेवले, दोन आपल्या. मग मुलाच्या ताटातला एक उचलून परत आपल्या ताटात घेतला. हे कोणी सांगितलं नव्हतं. चुलीजवळ हार्रीचं तोंड उघडं राहिलं होतं आणि पहिल्यांदाच त्याच्याकडे अर्धवटसुद्धा वाक्य नव्हतं. बाहेर नुउत्तीच्या उजव्या पायाची दोन बोटं कायमची अधू झाली, पण सूर्य हलला नाही.

सिनेमा ऑक्टोबरमध्ये लागला. पहिल्या खेळाला मंत्री आले होते, समिती आली होती. सिल्वी निळा झगा घालून पहिल्या रांगेत बसली होती. कालेर्वो सर्वांत मागे दाराशी उभा होता, आणि इर्या त्याच्या शेजारी. बटाट्यांचा प्रसंग सुरू झाला. सभागृहात एवढी शांतता झाली की खोकणारी माणसंसुद्धा खोकायची थांबली. पडद्यावर अठ्ठावन्न वर्षांचा एक चेहरा होता, बारा फूट उंच, आणि त्याच्यावर काहीही नव्हतं.

इर्याने हळूच नवऱ्याकडे पाहिलं. "मोजा कुठंय?"

"खिशात."

"तिला माहीत आहे?"

त्याने पहिल्या रांगेकडे पाहिलं. दिवे लागले. लोक उभे राहून टाळ्या वाजवू लागले. सिल्वी वळली, सगळ्यांना वाकून नमस्कार केला, तीस वर्षं करत होती तसाच. मग कोट घेऊन बाजूच्या दाराने निघून गेली.

सरकारी बक्षीस मिळालं. सल्लागारसाहेबांनी भाषणात सांगितलं की अंधारावर त्यांची पहिल्यापासून श्रद्धा होती. हार्रीने मुलाखतीत सांगितलं की नैसर्गिक उजेडाची वाट बघत तो दिवसचे दिवस बसला, जे खरंच होतं. पोस्टरवर कालेर्वोचं नाव 'कालेव्हा हुत्तुनेन' असं छापलं होतं. दुसऱ्या आवृत्तीत ते सुधारण्यात आलं: 'कालेर्वा'.

चौथ्या दिवशी सकाळी दाराची घंटा वाजली. इर्याची दुपारची पाळी होती, तिने दार उघडलं. सिल्वी आत येऊन स्वयंपाकघरात बसली. हातमोजेही काढले नाहीत. इर्याने न विचारता कॉफी ओतली, वेलदोड्याचा पाव कापून ठेवला आणि आपण जायचं की थांबायचं हे न कळून चुलीशी उभी राहिली.

"थांब गं," सिल्वी म्हणाली. "तुझ्या नवऱ्याने काय केलं ते तूही ऐक." मग कालेर्वोकडे वळली. "मी 'लावलास?' विचारलं. तू काय म्हणालास?"

"लावला म्हणालो."

"का?"

कालेर्वोने कपाकडे पाहिलं. "मला तुमचा चेहरा बघायचा होता, बाई. सतरा वर्षं मी तो पाहिलाच नव्हता."

"बरं. बघितलास. मग तो सगळ्या देशाला दाखवायची काय गरज होती?"

"तो फार सुंदर होता."

"असेल. समिती म्हणते, मंत्री म्हणतो. माझी बहीण तांपेरेहून फोन करून रडली, म्हणाली हुबेहूब आई दिसतेस." तिने कप बशीवर सरळ केला. "सुंदर होता का नव्हता, हा प्रश्नच नाहीये. चेहरा माझा होता. तू म्हणाला असतास, 'सिल्वी, आज मोजा नको, माझं ऐक', तर मी दहा शिव्या दिल्या असत्या, आणि मग कदाचित हो म्हटलं असतं. कदाचित नसतंही म्हटलं. तेवढं विचारायचा त्रास नको म्हणून तू खोटं बोललास. आणि तो स्वेटरवाला सगळ्यांना सांगत फिरतोय की ह्या सिनेमात खोटं काही नाही!"

कालेर्वोने इर्याकडे पाहिलं. ट्राममध्ये बिनतिकीट सापडलेला माणूस असाच बघतो, हे इर्याला माहीत होतं. तिने खिडकीबाहेर नजर वळवली.

"चूक झाली," तो म्हणाला.

"चूक नव्हे. चूक म्हणजे बटाटा हातातून पडणं." सिल्वीने कॉफी संपवली, कारण वाया घालवणं तिच्या रक्तात नव्हतं. दारात ती इर्याला म्हणाली, "पाव छान झालाय," आणि गेली.

यानंतर सिल्वी केरानेनला जेवढं काम मिळालं तेवढं उभ्या आयुष्यात मिळालं नव्हतं. विधवा, आज्या, तुरुंगातून सुटलेली खुनी, एका मालिकेत तर बिशपची आई. त्यातल्या एकीलाही दोन दिवसांत मरावं लागलं नाही. तिने कालेर्वोबरोबर पुन्हा काम केलं नाही. मोठं पदक मिळालं तेव्हा तिने भाषणात दिग्दर्शकांचे, शिंपिणीचे, गाडीच्या ड्रायव्हरचे आणि नुउत्तीच्या पायाच्या बोटांचेसुद्धा आभार मानले. नुउत्ती तो कार्यक्रम टेलिव्हिजनवर बघून दोन दिवस खूश होता.

कालेर्वोही प्रसिद्ध झाला. आता त्याला फक्त अंधार मागायला लोक येत. तरुण दिग्दर्शक म्हणत, "हुत्तुलाचा काळोख पाहिजे," आणि त्याने एखादा दिवा लावला तर नाराज होत. कॉफीच्या एका जाहिरातीत त्याने घरधनिणीच्या चेहऱ्यावर जरा प्रसन्न उजेड टाकला, तर कंपनीचा माणूस म्हणाला, "साहेब, थोडं दुःख पाहिजे. तुमचं ते प्रसिद्ध." आउरिंको-फिल्मीच्या स्टुडिओत फर्निचरचं दुकान निघालं, सगळीकडून लख्ख उजेड असलेलं. विद्यापीठात व्याख्यानाला बोलावलं तेव्हा कालेर्वोने एकदा खरं सांगून टाकलं: उत्तरेची खिडकी, चादर, पाच हजारचा दिवा. विद्यार्थी पोट धरून हसले. त्यांना वाटलं, म्हातारा 'अस्सल उजेडा'ची थट्टा करतोय. हार्रीने मात्र वर्तमानपत्रात पत्र लिहिलं, की ज्येष्ठ सहकाऱ्यांची स्मरणशक्ती हा एक हळवा विषय आहे आणि...

मोज्याबद्दल कालेर्वोने कुठेच सांगितलं नाही.

१९८२ च्या नोव्हेंबरात, एका सकाळी, इर्याने त्याला हाकानिएमीच्या बाजारात हेरिंग आणायला पाठवलं. तो मासळीच्या फळीसमोर उभा असताना मागून कोणीतरी म्हणालं, "पोक वाढलंय तुझं."

सिल्वी होती. बहात्तर वर्षांची, हातात दोऱ्यांची पिशवी, डोक्यावर लोकरीची टोपी. लोक तिला ओळखून वळून बघत होते, ती लक्ष देत नव्हती.

"नमस्कार, बाई," तो म्हणाला. चौदा वर्षांत त्याने काय काय बोलायचं ठरवलं होतं, त्यातलं एक अक्षर आठवेना. "कशा आहात?"

"गुडघे गेलेत. इकडे ये. इथे काही दिसत नाहीये."

तिने त्याच्या बाहीला धरून बाजाराच्या उंच खिडकीखाली नेलं. बाहेर बर्फ पडायच्या बेतात होता. उजेड राखाडी, एका बाजूने येणारा. तिने हातमोजा काढला, त्याची हनुवटी दोन बोटांत धरली आणि चेहरा खिडकीकडे वळवला. मग थोडा मागे. मग नीट, सावकाश बघत राहिली: कपाळ, डोळ्यांखालच्या पिशव्या, सकाळी दाढी करताना राहून गेलेले खुंट. मासळीवाली सुरी हातात धरून थांबली होती. कालेर्वो साठ वर्षांचा होता आणि कोणी असं आपल्याकडे बघण्याची त्याला मुळीच सवय नव्हती. त्याला डोळे मिटावेसे वाटले. ते त्याने मिटले नाहीत.

"हं," सिल्वी म्हणाली आणि हनुवटी सोडली.

"बाई, मी..."

"राहू दे. अर्धी वाक्यं त्या स्वेटरवाल्याला शोभतात." तिने हातमोजा पुन्हा चढवला, फळीवरच्या माशांकडे एक नजर टाकली. "इथली हेरिंग शिळी आहे. त्या टोकाच्या दुकानात घे."

ती निघून गेली. कालेर्वो थोडा वेळ खिडकीखाली उभा राहिला, मग त्या टोकाच्या दुकानात गेला आणि अर्धा किलो हेरिंग घेऊन घरी आला. इर्याने पुडकं उघडलं, वास घेतला आणि विचारलं, "इतकी ताजी? ही तुला कोणी घ्यायला सांगितली?"